विहिरीवरचं वाक्य

दामूअण्णा, भांडण अर्धवट टाकून निघून जाणं ही काही तुमची पद्धत नव्हती. एका स्वल्पविरामासाठी मला तीनदा परत बोलावून मसुदा पुन्हा टाइप करायला लावणारा माणूस तुम्ही. आणि आपला एवढा मोठा वाद मात्र असा सोडून गेलात, की मी अजून बोलतेच आहे आणि समोरची खुर्ची रिकामी. आज एकवीस दिवस झाले.

तुमचा जन्म कुठला, नोकरी किती वर्षं, मागे कोण कोण, हे सगळं पेपरात येऊन गेलं. ओमनावहिनींनी तुमचा तो फोटो दिला होता, ज्यात तुम्ही फौजदारासारखे दिसता. माझ्याकडचे दामूअण्णा वेगळे आहेत. ते जेवणाच्या सुट्टीत डाव्या हातात साप्ताहिक धरून उजव्या हाताने भात कालवतात आणि मध्येच "अय्यो, ही असं कसं बोलली!" म्हणून ओरडून अख्खं ऑफिस दचकवतात.

मी नवी टायपिस्ट, तुम्ही माझ्याहून बारा वर्षांनी मोठे स्टेनो. हजेरीपटावर दामोदरन. पण नाशिकच्या ऑफिसात दामोदरन कोण म्हणणार? पहिल्याच आठवड्यात तुमचा दामूअण्णा झाला होता. तुम्ही मुळीच रागावला नाहीत. म्हणालात, "गावाकडे मला कुंजू म्हणतात, म्हणजे बारक्या. त्यापेक्षा अण्णा बरं, बढती मिळाली."

ते साप्ताहिक केरळातून टपालाने यायचं, आठ-दहा दिवस शिळं, खाकी कागदाच्या पट्टीत गुंडाळलेलं. मला वाटायचं तुम्ही नटनट्यांच्या भानगडी वाचता. एकदा तसं बोलून दाखवलं तर तुम्ही डबाच बंद केलात. "कुसुम, ही कादंबरी आहे. दर आठवड्याला एक प्रकरण. आमच्या गावात आज सगळे हेच वाचत असतील. पोस्टमन पण. तो तर आधी वाचून मग वाटतो."

मग काय, सांगा म्हटलं. आणि त्या वर्षी दर आठवड्याला एक प्रकरण, पोळी-भाजी आणि तुमच्या खोबरं घातलेल्या कोबीबरोबर, मी एक मल्याळम कादंबरी ऐकली. मल्याळमचा एक शब्द येत नसताना.

दोन बहिणींची गोष्ट. आई गेल्यावर घराची वाटणी होते. अंगणातून भिंत घालतात, पण मध्ये विहीर येते. विहिरीला भिंत कशी घालणार? मग अर्धा काठ हिच्या अंगणात, अर्धा तिच्या. दोन बाजूंना दोन रहाट, दोन दोर. अकरा वर्षं अबोला. एकमेकींचं तोंड बघायचं नाही, पण पाणी शेंदायला वाकलं की खाली पाण्यात दोघींची तोंडं शेजारी शेजारी दिसायची.

"पण बहिणींना कसली वाटणी?" मी विचारलं होतं. तेव्हा तुम्ही समजावून सांगितलंत, की तुमच्याकडच्या कितीतरी घराण्यांत घर बाईच्या नावावर असायचं, आईकडून मुलीकडे जायचं.

"मग नवरा?"

"नवरा पाहुणा. संध्याकाळी येतो, सकाळी जातो."

आमच्या टेबलावरच्या चारही बायकांनी त्या दिवशी साहेबांकडे केरळात बदली मागायची ठरवली होती. आठवतं ना?

शेवटच्या प्रकरणात थोरलीच्या मुलीचं लग्न. मांडव भरलेला, आणि थोरलीचा दोर तुटतो, घागर तळाला. धाकटी भिंतीपलीकडून बघते. काही न बोलता आपल्या रहाटाचा दोर सोडवते आणि विहिरीवरून पलीकडे टाकते. इथे तुम्ही डबा बाजूला ठेवून, आवाज अगदी खाली आणून ते वाक्य म्हणाला होतात. धाकटीच्या मनातलं. "दोर माझा घे. पाणी आईचं आहे." साहेबांची बेल दोनदा वाजली, तरी आपण कोणी उठलो नाही.

त्या कादंबरीचा पुढे सिनेमा झाला, आणि तुमच्या डोळ्यांत दिवाळी. मी म्हटलं, एवढं काय, सिनेमे तर रोज निघतात. तुम्ही मला धरून बसवलंत आणि शिकवणीच घेतलीत. "आमच्या गावात वाचनालय आधी आलं, हॉटेल नंतर. ज्याला वाचता येत नाही त्याला दुसरा वाचून दाखवतो. मग तीच गोष्ट नाटकात येते, मग सिनेमात. कितीदा तर लेखक स्वतःच सिनेमा लिहितो, गाणी कवी लिहितात. थिएटरात लोक सिनेमा बघायला येत नाहीत, तपासायला येतात. आमच्या गोष्टीचं तुम्ही काय केलंत, दाखवा." आणि देवळाच्या अंगणातल्या त्या नाचाबद्दल सांगितलंत, ज्यात तोंड हिरवं रंगवलेला माणूस नुसत्या डोळ्यांनी एका ओळीवर अर्धा तास घालवतो. गोष्ट शेंबड्या पोरालाही ठाऊक असते. मग बघायचं काय, मी विचारलं. "कशी सांगतो ते," तुम्ही म्हणालात.

आणि लगेच माझ्यावर घसरायचात. "तुमच्या मराठीत एवढ्या कादंबऱ्या. मी वाचनालयातून आणून वाचतो, तुला माहीत आहे. मग त्या तुमच्या सिनेमात का येत नाहीत? दर वेळी पाटील आणि पाटलाची मिशीच का येते?" मला राग यायचा. मी टाइपरायटर जोरात बडवायची.

तो सिनेमा आपल्या चित्रपट मंडळात आला तेव्हा खाली संवादांच्या इंग्रजी पट्ट्या नव्हत्या. शाळेचा हॉल, साठेक माणसं, कारकून, मास्तर, दोन वकील. तुम्ही पडद्याच्या बाजूला स्टूल घेऊन बसलात आणि मराठीतून सांगायला लागलात. सुरुवातीला वकीलसाहेब चुळबुळले. सिनेमाही तुमच्याकडचाच, कुणाला घाई नाही. माणसं जेवायला बसली की खरंच जेवतात, ताट पुसेपर्यंत. पण अर्ध्या तासात हॉल तुमचा झाला होता. तुम्ही दोन्ही बहिणींचे आवाज काढत नव्हतात, नुसतं सांगत होतात. विहिरीचा प्रसंग आला, रहाट करकरला, आणि तुम्ही ते वाक्य म्हणालात. मला ठाऊक असूनही मी रडले. वकीलसाहेबांनी चष्मा पुसला, ते मी पाहिलं, नाही म्हणू देत खुशाल.

मग सिन्नर. माझी आई सिन्नरला बिड्या वळते, हे मी ऑफिसात फारसं बोलत नसे. तुम्हाला कळलं तेव्हा मला वाटलं आता तोंडदेखलं काहीतरी म्हणाल. तुम्ही तर खुर्ची ओढून जवळ आलात. "माझा बाप बिडी कारखान्यात वाचणारा होता!" मला अर्थच लागेना. तेव्हा सांगितलंत, की तुमच्या मुलखात बिड्या वळणाऱ्यांच्या मध्ये एक जण बसून मोठ्याने वाचत असे, सकाळी पेपर, दुपारी कादंबरी, आणि त्याच्या वाट्याच्या बिड्या बाकीचे वळून देत. "माझा बाप वाचत वाचत म्हातारा झाला. आणि ऐकत ऐकत तो अख्खा कारखाना शिकला."

पुढच्याच रविवारी तुम्ही माझ्याबरोबर एस.टी.त. बायका अंगणात सुपं मांडीवर घेऊन बसलेल्या, भिजवलेली पानं, तंबाखू, दोरा. पारूबाई त्या सगळ्यांची पुढारी. तिने तुम्हाला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि आईला विचारलं, "ह्यो काळा मानूस कोन गं? मुकादम हाय का नवा?"

"नाही मावशी, मी गोष्ट सांगणारा," तुम्ही म्हणालात.

"फुकट?"

"माझ्या बापाला बिड्या मिळायच्या. मी ओढत नाही. चहा द्या."

आईच्या हातचा तो काळा गोड चहा पिऊन तुम्ही दोन बहिणी आणि विहीर सुरू केलीत. बोटं चालू, कान तुमच्याकडे. वाटणी ऐकताना बायकांना काही समजावून सांगावं लागलं नाही. विहिरीवरून भांडणं त्यांनी तुमच्या लेखकापेक्षा जास्त पाहिली होती. आणि त्या वाक्याला बोटं थांबली. तीस बायकांची, एकदम. तुम्ही मला नंतर बसमध्ये सांगितलंत, की बापाची हीच खूण होती. हात थांबले की समजायचं, पोचलं.

मग तुम्हाला चैन पडेना. मंडळाकडून प्रोजेक्टर मागून आणलात, सिनेमाच्या रिळांची पेटी दुसऱ्यांदा मागवलीत. पानांच्या गोदामात सुट्टीच्या दिवशी दुपारी खिडक्यांना गोणपाटं लावली, भिंतीवर पारूबाईच्या सुनेचं नवं धोतर ताणलं, म्हणजे सुनेच्या नवऱ्याचं. बायका पडद्याशी बोलत होत्या. "अगं बघ की तिच्याकडं, लय ताठा बरा नाय!" तुम्ही सांगत होतात आणि त्या तुम्हाला दुरुस्त करत होत्या. तुमचा चेहरा त्या दिवशी जसा होता, तसा तो फोटोत हवा होता. त्यानंतर चार-पाच वर्षांत असे सात-आठ सिनेमे त्या गोदामात झाले. होडीवाल्यांचे, मास्तरांचे, एका देवळातल्या ढोलवाल्याचा. सिन्नरच्या बिडीवाल्या बायकांना केरळातल्या माणसांची नावं त्यांच्या जावांच्या नावांइतकी पाठ झाली.

आता ते भांडण. आमच्याकडे टीव्ही आला. रविवारी दुपारी वेगवेगळ्या भाषांतले सिनेमे दाखवायला लागले, खाली इंग्रजी पट्ट्यांसह. एका रविवारी आपला विहिरीचा सिनेमा. मी पहिल्यांदा तो तुमच्याशिवाय पाहिला. दोर तुटला. धाकटी उभी राहिली. मी पट्टीची वाट बघत होते. पट्टी आलीच नाही. चांगली चार मिनिटं कोणी काही बोललं नाही. नुसता रहाट, दोर, दोघींची पाण्यातली तोंडं, आणि संपलं.

मी त्या दिवशी फसवली गेले, असं मला वाटलं. दिग्दर्शकाने एवढं धाडस करून गप्प राहायचं, आणि तुम्ही स्टुलावर बसून त्या गप्पपणात पदरचं घालायचं! सोमवारी मी ऑफिसात पर्ससुद्धा खाली ठेवली नाही.

"पदरचं नाही. पुस्तकातलं आहे," तुम्ही शांतपणे म्हणालात.

"पण सिनेमात नाही! सिनेमा ज्याचा त्याला विचारलंत?"

"कुसुम, ऐक. तिथे बसलेल्या प्रत्येकाने ती गोष्ट आधी वाचली आहे, ऐकली आहे, चहाच्या दुकानात तिच्यावरून भांडला आहे. म्हणून तो दिग्दर्शक गप्प राहू शकला. त्याचं मौन भरलेलं आहे, लोकांनी भरलेलं. ते मौन मी उचलून सिन्नरला आणलं तर रिकामं होतं. आधी भरायला नको?"

आज हे लिहिताना मला ते लख्ख पटतं. तेव्हा मी पंचवीस-तीस सिनेमे बघून शहाणी झाले होते. मी म्हटलं, चांगला सिनेमा कुणाच्या आधाराशिवाय उभा राहिला पाहिजे. तुम्ही म्हणालात, चांगला माणूसही तसा उभा राहत नाही. इथे थांबायला हवं होतं. पण मला कुठे थांबायचं कळतं! पुढच्या खेपेला सिन्नरला, सगळ्या बायकांच्या देखत, मी हसत हसत म्हणाले, "बायांनो, अण्णा सांगतात ते सगळं खरं धरू नका हं. पदरचं घालतात."

तुम्ही स्टूल उचललंत आणि मागच्या रांगेत जाऊन बसलात. "आजच्या सिनेमाला पट्ट्या आहेत," एवढंच म्हणालात. इंग्रजी पट्ट्या, दामूअण्णा. त्या गोदामात त्या वाचता येणारे आपण दोघेच होतो. बायका अर्ध्या तासात एकेक करून उठून गेल्या. पारूबाई जाताना मला म्हणाली, "शिकलीस, बरं झालं." मी आजवर इतकी बोलणी खाल्ली, एवढी कोणती लागली नाही.

त्यानंतर तुम्ही पुन्हा कधी सिनेमा सांगितला नाहीत. सिन्नरची एस.टी. बंद. माझ्याशी अबोला मात्र नाही. उलट तुम्ही रिटायर झाल्यावर मी तुमच्या घरी आले की केळ्याच्या वेफर्सचा डबा पुढे, आणि वाद तिथूनच सुरू. "ये एकदा सवडीनं, पानच काढून दाखवतो तुला." मी म्हणायची, बघू. माझं चुकलं, हे मात्र माझ्या तोंडातून निघालं नाही. दर वेळी वाटायचं, पुढच्या वेळी. तुम्ही एका सकाळी पेपर वाचता वाचता गेलात.

दहाव्या दिवशी ओमनावहिनींनी कपाटातून ती कादंबरी काढली. साप्ताहिकाची पानं कापून, जाड दोऱ्याने तुम्हीच शिवलेली. मी म्हटलं, वहिनी, विहिरीचं पान वाचा ना. त्या चष्मा लावून वाचायला लागल्या, एकेक ओळ मराठीत सांगत. लग्न, मांडव, दोर तुटला, धाकटीने आपला दोर सोडवला, पलीकडे टाकला, वळली, घरात गेली. संपलं.

"आणि ते वाक्य?" मी विचारलं.

"कोणतं?"

मी म्हणून दाखवलं. त्यांनी पान उलटलं, मागचं पाहिलं, पुढचं पाहिलं. मग त्या हसायला लागल्या. सुतकाच्या घरात, दामूअण्णा, तुमची बायको डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. "असं काही नाही इथे! लेखक पण गप्पच आहे. हे ह्यांचं. सासरे असेच होते. कारखान्यात वाचता वाचता एखादं वाक्य आपलंच घालायचे, आणि लोक पुस्तकात ते शोधत बसायचे." मग मलाही आवरेना. म्हणजे मी सिनेमाच्या बाजूने भांडत होते, तुम्ही पुस्तकाच्या बाजूने, आणि वाक्य दोन्हीकडे नव्हतंच! माझ्याशी डोळ्याला डोळा भिडवून पुस्तकाची शपथ वाहणारा माणूस चक्क थापाड्या होता.

परवाच्या रविवारी सिन्नरला तुमच्यासाठी सगळ्या जमल्या. पारूबाईचाच निरोप आला होता, की अण्णाचं दुखवट्याचं भाषण नको, सिनेमा लावा. ओमनावहिनींच्या भाच्याने त्या विहिरीच्या सिनेमाची व्हिडिओ कॅसेट आणली, टीव्ही आणि व्हीसीआर भाड्याने. तेच गोदाम, तीच गोणपाटं. पट्ट्या नाहीत. पारूबाईने स्टूल माझ्यासमोर आपटलं. "बस. अण्णा न्हाई तर तू सांग."

मी सांगितलं. तुमच्यासारखं, बहिणींचे आवाज न काढता. एक मात्र मनाशी ठरवून आले होते. विहिरीपाशी मी गप्प राहणार. दिग्दर्शक गप्प, लेखक गप्प, आता मी तरी कशाला बोलू? एकदा ह्या बायकांना तो प्रसंग जसा आहे तसा दिसू दे. खरं सांगायचं तर मला तेवढा आपला वाद जिंकायचा होता.

दोर तुटला. धाकटी उभी राहिली. मी ओठ मिटून घेतले. रहाट करकरत होता, गोदामात तंबाखूचा वास. धाकटीने दोर सोडवला, हात उचलला. आणि माझी आई, जी सिनेमात कधी तोंड उघडत नाही, ती टीव्हीकडे बघत म्हणाली, "दोर माझा घे."

आणि मागून पारूबाई, तिच्या शेजारच्या, तिच्या मागच्या, साऱ्या गोदामाने पुढचं म्हटलं. "पानी आईचं हाय."

कोणी माझ्याकडे पाहिलं नाही. त्या माझ्यासाठी म्हणत नव्हत्या, तुमच्यासाठीही नव्हत्या. त्यांच्या लेखी त्या बाईने ते वाक्य म्हटलंच होतं, पहिल्या दिवसापासून. सात वर्षं त्यांनी ते सांभाळून ठेवलं होतं, मी पदरचं म्हणून हिणवल्यावरसुद्धा. आता सिन्नरलाही ती गोष्ट सगळ्यांना पाठ होती. आता सिनेमा इथेही खुशाल गप्प राहू शकत होता. तुम्ही म्हणाला होतात तसं, अगदी शब्दाला शब्द.

सिनेमा संपला तरी बायका उठेनात. पारूबाई डोळे पुसत म्हणाली, "पोरी, ते विहिरीचं तेवढं परत लाव."

भाच्याने कॅसेट मागे नेली. दोर पुन्हा तुटला, धाकटी पुन्हा उभी राहिली. ओमनावहिनींनी माझा हात धरला. आणि ह्या वेळी, दामूअण्णा, सगळ्यांच्या आधी, सगळ्यांच्या देखत, ते वाक्य मी म्हणाले.